तीन तासांची जागा

अफझलगंजात कुणी हौसेनं येत नाही. मुसीच्या काठावर उस्मानिया दवाखाना, जवळच असफिया ग्रंथालयाची भव्य इमारत, पलीकडे बेगम बाजारची घाऊक पेठ, रस्त्याच्या कडेला ट्रॅव्हल्सवाल्यांच्या खोपटाएवढ्या कचेऱ्या, आणि नयापूल ओलांडला की हायकोर्ट. दुखणं, दावा, माल नाहीतर गाडी, यांपैकी एक काहीतरी गळ्यात असल्याशिवाय माणूस इथं उतरत नाही. आणि एकदा उतरला की त्याला थांबावं लागतं. रिपोर्ट चार वाजता मिळणार. वकीलसाहेब आत्ताच जेवायला गेलेत. माल बांधून व्हायला संध्याकाळ होईल. नांदेडची गाडी रात्री. पाचवा निजाम अफझलुद्दौला याच्या नावानं धान्याच्या व्यापाऱ्यांसाठी वसलेला हा गंज. धान्य मागं पडलं, थांबणं राहिलं.

थांबायचं तर कुठं? दवाखान्याच्या आवारात झाडांखाली नातेवाइकांच्या पथाऱ्या पडलेल्या असतात. तिथलं एक चिंचेचं झाड तर १९०८ सालापासून प्रसिद्ध आहे. त्या वर्षी २८ सप्टेंबरला मुसीला महापूर आला, अफझलगंज वाहून गेलं, आणि दीडशेएक माणसं त्या चिंचेच्या फांद्यांना धरून वाचली. पण झाडाखाली माणूस बसला तरी किती बसेल? इराण्याच्या हॉटेलात एका चहावर अर्धा तास, फार तर पाऊण. मग पोऱ्या येऊन टेबल पुसायला लागतो, आणि पुसायची तऱ्हा अशी की ओलं फडकं आपल्या कोपरापर्यंत यावं.

अशा माणसाला तीन तास बसवून घेणारी शहरात एकच होती, ती टॉकीज. अफझलगंजातून चालत निघालं की सुलतान बाजार, आबिड्स, काचीगुडा, सगळं अर्ध्या-पाऊण तासाच्या आत. आणि या टापूत टॉकिजांना तोटा नव्हता. आबिड्सला संतोष-सपना, एन. टी. रामारावांची रामकृष्ण, काचीगुड्याला त्यांचीच तारकरामा आणि महेश्वरी-परमेश्वरी. एका पडद्याच्या, जोडपडद्याच्या, खानदानी, भंगलेल्या. मी लिहितोय ते यांतल्या एकीबद्दल नाही. सगळ्यांचा मिळून जो एक स्वभाव आहे त्याच्याबद्दल.

आमच्या घरी गावाकडून पेशंट आला की बरोबर दोन माणसं हमखास. देगलूर, उदगीर, बिलोली, कुठूनही. मराठवाडा १९५६ मध्ये हैदराबाद राज्यातून निघाला, पण मराठवाड्यातलं मोठं दुखणं पुढं कितीतरी वर्षं उस्मानियालाच येत राहिलं. दोनांपैकी एक माणूस पेशंटजवळ. दुसरा मोकळा. त्याला वॉर्डात सोडत नाहीत, आणि परक्याच्या घरात बायकांमध्ये दिवसभर बसून राहणं त्याला बरं दिसत नाही. दुसरा म्हणजे बहुधा कुणाचे तरी भावजी. जेवून उठले की भावजी टोपी नीट करत म्हणायचे, ‘जरा बाजाराकडं जाऊन येतो.’ संध्याकाळी परत आल्यावर आम्ही मुलं विचारायचो, कुठला पिक्चर? नाव सांगायचे. गोष्ट विचारली की मात्र गडबडायचे. हिरो पोलीस होता म्हणायचे, नाहीतर डाकू. पंख्याखालची खुर्ची मिळाली होती, हे मात्र नेमकं आठवायचं. रात्रभर दवाखान्याच्या व्हरांड्यात जागलेला माणूस मॅटिनीला झोपला होता, एवढीच ती गोष्ट.

टॉकीजला हे ठाऊक असे आणि तिला त्याचा राग नसे. तिकीट काढलेला माणूस पडद्याकडं बघतो की पापण्यांच्या आत, याची चौकशी तिनं कधी केली नाही. डोअरकीपर बॅटरीचा झोत पायांवर टाकायचा, तोंडावर नाही. झोपलेल्याला उठवायचं ते खेळ सुटल्यावर, आणि तेही खांद्याला हात लावून: ‘उठो चाचा, पिक्चर खतम.’ शहरात याहून सभ्य वागणूक त्या माणसाला दिवसभरात दुसरी कुठं मिळाली असेल असं वाटत नाही.

बाकी तिच्या तोऱ्याला मात्र कमी नाही. हैदराबादच्या टॉकिजा नावापुढं फिल्मची रुंदी लावतात. आरटीसी क्रॉस रोडला संध्या ७० एमएम आणि संध्या ३५ एमएम शेजारीशेजारी. सुदर्शनचंही तसंच होतं. सत्तरवाली मोठी, पस्तीसवाली धाकटी. आज आत कुठलीच फिल्म धावत नाही, हार्ड डिस्क येते नाहीतर उपग्रहावरून उतरवून घेतलेली फाइल असते. तरी पाटीवरचे एमएम हलले नाहीत. निवृत्त झाल्यावरही सुभेदार सुभेदारच राहतो, तसं.

तिला स्वतःचा चेहरा नाही. दर्शनी भागावर सदा कुणाचा तरी कटआउट उभा, आणि त्याच्या पाठीशी ओल आलेली भिंत. शुक्रवारी कटआउटला दुधाचा अभिषेक होतो, ढोल वाजतात, आत हिरो आला की वर्तमानपत्राचे कपटे उडतात आणि ते झाडून काढणाऱ्या बाया शिव्या देतात. सोमवारी त्याच पायऱ्यांवर कुत्री झोपतात. शुक्रवार डोक्यात जाऊ न देणं आणि सोमवारी खचून न जाणं ही तिची खरी तालीम. गर्दी जीवघेणीही होते. ४ डिसेंबर २०२४ च्या रात्री ‘पुष्पा २’च्या खेळाला संध्यात चेंगराचेंगरी झाली, एक बाई गेली. बातम्यांत नट, पोलीस, सरकार सगळे आले. अरुंद फाटकातून गर्दी आत कशी घ्यायची आणि बाहेर कशी काढायची, हे रोज करणारा डोअरकीपर त्या चर्चेत मला कुठं दिसला नाही.

आत वर्णव्यवस्था कडक. तळाला ‘नेल’. तेलुगूत नेल म्हणजे जमीन, आणि नेल टिकट म्हणजे पडद्यापुढं जमिनीवर बसायचा हक्क. त्याच्यामागं बाकडी, मग खुर्च्या, वर बाल्कनी. जुन्या काळी यात आणखी एक वर्ग होता, जनाना. बायकांची बाजू वेगळी, पुढं पडदा. आत अंधार झाला की तो बाजूला सरायचा, मध्यंतराचे दिवे लागायच्या आत परत ओढायचा. एका खेळात दोन पडदे सांभाळायची ती कसरत. मला विचाराल तर नेलवाला सगळ्यांत चोखंदळ. त्याच्या मानेला रग लागायची, म्हणून बघण्यासारखं नसेल तर तो पहिल्या पंधरा मिनिटांतच आरडाओरडा करायचा. बाल्कनीवाला पैसे जास्त दिलेले असल्यामुळं गप्प बसायचा.

शहराशी तिचं भांडण मात्र फार लवकर झालं. धीरेन गांगुली हे बंगाली गृहस्थ हैदराबादला चित्रकलेच्या शाळेत नोकरीला होते. मग कलकत्त्याला जाऊन त्यांनी सिनेमे काढले आणि १९२२ मध्ये परत येऊन निजामाच्या आश्रयानं लोटस फिल्म कंपनी थाटली. स्टुडिओ काढला, थिएटरं चालवली, मूकपट तयार केले. १९२४ मध्ये त्यांनी मुंबईत तयार झालेला ‘रझिया बेगम’ दाखवला. मुसलमान सुलतान बाई आणि तिचं प्रेम, हा विषय दरबाराला झोंबला. गांगुलींना तडकाफडकी रियासत सोडावी लागली आणि कंपनी आटोपली. पुढं १९७५ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला, पण तोवर हैदराबाद ते सगळं विसरून गेलं होतं. मला त्या प्रकरणात जास्त कुतूहल आहे ते त्यांच्या थिएटरांतल्या नोकरांचं. मालक रातोरात गेला. दुसऱ्या दिवशी खिडकी कुणी उघडली असेल? कुणीतरी उघडली असणार. बोलपट आले, रियासत गेली, भाषावार प्रांत झाले, आणि खिडकीमागं प्रत्येक वेळी कुणीतरी होतं.

भाषावार प्रांतावरून आठवलं. १९५६ मध्ये हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले हे शाळेत शिकवतात. सिनेमाच्या धंद्याला ते कुणी शिकवलंच नाही. हिंदी पिक्चरच्या वितरणात आजही ‘निजाम’ नावाचं सर्किट आहे, आणि त्यात तेलंगणाबरोबर मराठवाडा येतो, बिदर-गुलबर्गा-रायचूरही येतात. मुंबई त्याच राज्यात असूनही नांदेड-परभणी वितरकांच्या वहीत निजामाच्या खात्यावर. प्रिंटच्या काळात या हिशेबाला वजन होतं. पत्र्याच्या पेट्या रेल्वेच्या ब्रेकव्हॅनमधून फिरायच्या. काचीगुडा ते मनमाड ही मीटरगेज लाइन पेशंटला इकडं आणायची आणि पेटीला तिकडं न्यायची. मुक्तिसंग्रामावर भाषणं करणारे आमचे एक नातेवाईक होते. त्यांना हे सांगितलं तेव्हा ते फार चिडले. पण गावच्या टॉकीजमधला शुक्रवार त्यांचाही चुकला नव्हता.

आता कॅबिन. तिचा जीव इथं असतो, आणि तिथं जायचा जिना मुद्दाम अवघड केलेला असतो.

कार्बनच्या काळातली कॅबिन ज्यानं पाहिली नाही त्याला सांगितलं पाहिजे. खोली अरुंद, छत तापलेलं, धूर जायला प्रोजेक्टरच्या डोक्यावर पत्र्याचं धुराडं. शेजारीशेजारी दोन प्रोजेक्टर. प्रत्येकाच्या दिवाघरात समोरासमोर कार्बनच्या दोन कांड्या, मागं अंतर्गोल आरसा. ऑपरेटर कांड्यांची टोकं एकमेकांना टेकवून क्षणात मागं घेतो, आणि मधल्या काही मिलिमीटरच्या फटीत वीज ठिणगीसारखी न उडता जळत राहते. सगळा पिक्चर त्या फटीच्या उजेडावर. कांड्या जळून आखूड होतात, फट रुंदावते, उजेड बिघडतो; की काळ्या काचेतून बघत मूठ फिरवायची, कांडी पुढं सारायची. अंतर जास्त कमी झालं तरी उजेड बिघडतो. यंत्रानं हे आपोआप करायची सोय काही ठिकाणी होती, पण जुना ऑपरेटर तिच्यावर विसंबत नसे. खाली शिट्या वाजायच्या आत त्याच्या मनगटाला कळायचं.

दुसरं काम रीळ बदलायचं. पस्तीस एमएमची फिल्म मिनिटाला ९० फूट जाते. दोन हजार फुटांची स्पूल म्हणजे बावीसेक मिनिटं. तीन तासांच्या पिक्चरला अशा आठ-नऊ स्पुला. एक यंत्र चालू असताना दुसऱ्यात पुढची भरायची, कांड्या बदलायच्या, आणि भिंतीच्या झरोक्यातून पडद्याच्या उजव्या वरच्या कोपऱ्याकडं डोळा लावायचा. तिथं क्षणभर एक ठिपका येतो. तो आला की दुसऱ्या यंत्राची मोटर सुरू. सातेक सेकंदांनी दुसरा ठिपका. तो दिसला की एकाची झडप बंद, दुसऱ्याची उघडी. खाली हजार माणसं बसलेली आणि एकालाही कळलं नाही, ही त्या माणसाच्या कसबाची परीक्षा. दहा गावं फिरून आलेल्या प्रिंटवर तो ठिपका पुसट झालेला असे, म्हणून प्रत्येक ऑपरेटर ब्लेडनं आपली खूण कोरायचा. एकावर एक पाच-सहा खुणा. तुळजापूरचा फुलीवाला, निजामाबादचा गोलवाला, इकडचा रेघवाला. एकमेकांना कधी न भेटलेले हे लोक रिळाच्या शेवटी एकमेकांना भेटायचे. आणि शिव्याही द्यायचे, कारण आधीच्यानं जोड वाईट मारला असेल तर फिल्म तुटायची ती आपल्या खेळात.

जळलेल्या कार्बनचे तुकडे आणि फिल्मचे कपटे हे कॅबिनचं उत्पन्न. ते पोरांना मिळायचं, पण ऑपरेटर खूश असेल तरच. ऑपरेटरशी दोस्ती ही हैदराबादेत मोठी ठेव मानली जाई. त्रिमलगिरीला वाढलेल्या श्याम बेनेगलांनी लष्करी छावणीतल्या गॅरिसन सिनेमाच्या ऑपरेटरशी अशीच दोस्ती जमवली होती आणि त्या जोरावर पोरवयात पिक्चरमागून पिक्चर पाहिले. हंसा वाडकरांच्या आत्मकथेवरून पुढं ‘भूमिका’ काढणाऱ्या माणसाची तालीम अशी फुकट झाली. त्या ऑपरेटरचा उल्लेख कुठल्या श्रेयनामावलीत नाही. ऑपरेटरचा तसा कधीच नसतो.

कार्बन जाऊन झेनॉनचे दिवे आले तेव्हा मूठ फिरवायचं काम गेलं. २०१० नंतरच्या चार-पाच वर्षांत फिल्मच गेली. आता फाइल येते आणि ती उघडायची किल्ली मेलवर येते, ठरलेल्या तारखेपासून ठरलेल्या तारखेपर्यंत चालणारी. किल्ली वेळेवर आली नाही तर पिक्चर पेटीत असून नसल्यासारखा. ही यंत्रं पुरवणाऱ्या कंपन्यांच्या शुल्कावरून मार्च २०१८ मध्ये दक्षिणेतल्या निर्मात्यांनी नवे पिक्चर देणं थांबवलं होतं. टॉकिजा जुन्यावर नाहीतर कुलपावर. ऑपरेटर मात्र अजून आहे. तो माऊस हलवतो, पण खेळ सुरू झाला की झरोक्यापाशी जाऊन उभा राहतो. का, ते विचारलं तर म्हणतो फोकस बघतो. फोकस हलत नाही हे त्यालाही माहीत आहे.

खालच्या मंडळींचं काम असं दिसत नाही, पण टॉकीज उभी आहे ती त्यांच्यावर. बुकिंगच्या खिडकीला हात आत जाईल एवढंच भोक. क्लार्कला गिऱ्हाइकाचा चेहरा दिसत नाही, फक्त हात दिसतो. मुठीत चुरगळलेली नोट असेल तर हमाल, दोन बोटांत धरलेली असेल तर कॉलेज, नोटेबरोबर दवाखान्याची चिठ्ठी आली तर न विचारता पंख्याखालची ओळ. खेळ सुरू झाला की तिकिटांच्या पुस्तकावरून डीसीआर भरायचा, म्हणजे रोजच्या गल्ल्याचा तक्ता: वर्गवार तिकिटं, कर वजा, निव्वळ किती. वितरकाचा माणूस तो तपासायला येतो. तो अंधारात उभा राहून डोकी मोजतो, क्लार्क उजेडात तिकिटं मोजतो, आणि दोघांचे आकडे जुळले की चहा.

मॅनेजरच्या टेबलामागं भिंतीवर काचेत बी-फॉर्मचं लायसन्स, शहरात ते पोलीस आयुक्तांकडून येतं. त्याच्यासाठी आगीचा दाखला, विजेचा दाखला, इमारतीचा दाखला. नूतनीकरणाच्या महिन्यात मॅनेजर पिक्चरचं नावही विसरतो. कँटीन ठेक्यानं, सायकल-मोटारसायकलचं स्टँड ठेक्यानं. समोसे आणि स्टँड यांच्यावर पगार निघतात असं मालक उघड सांगतात, आणि ते खोटं वाटत नाही. २०१८ मध्ये तेलंगणात मॉल आणि थिएटरांतलं पार्किंगचं शुल्क बंद झालं. लोकांना बरं वाटलं. एकपडदावाल्यांचं कंबरडं मोडलं. २०२१ मध्ये सरकारनं फक्त एकपडद्यांना ते पुन्हा घ्यायची मुभा दिली. पडद्यावर शंभर कोटींचा हिरो, आणि त्याला थारा देणारीचं पोट पार्किंगच्या चिठ्ठीवर.

ती हरते कुठं, तर जमिनीत. तिकीट स्वस्त ठेवावं तर हिशेब बसत नाही, महाग करावं तर अफझलगंजवाला येत नाही. कराचं म्हणाल तर हळूहळू उतरलाय: शंभरापर्यंतच्या तिकिटावर २०१७ मध्ये १८ टक्के, २०१९ पासून १२, आणि सप्टेंबर २०२५ पासून ५. पण तिच्या पायाखालचा कोपरा शहराच्या मधोमध, हजार खुर्च्यांचा, पुढं मोकळं आवार. बिल्डर ते आवार बघतो आणि मालकाची मुलं बिल्डरकडं बघतात. महेश्वरी-परमेश्वरीच्या जागी त्याच नावाचा मॉल झाला, आणि त्याच्या वरच्या मजल्यावर पुन्हा सिनेमाच, फक्त छोट्या छोट्या खोल्यांतून. सिकंदराबादच्या पॅरडाइज टॉकीजचं नाव शेवटी बिर्याणीच्या हॉटेलानं जगवलं. काहींचे फंक्शन हॉल झाले, काहींची गोदामं. हे इथंच घडलं असं नाही. दादरची चित्रा टॉकीज मे २०१९ मध्ये बंद झाली. पुण्याची प्रभात २०१४ च्या अखेरीस भाडेकरार संपून मूळ मालकांकडं परत गेली. उलट उदाहरण आहे ते काचीगुड्यालाच. तारकरामा बंद पडल्यावर एका साखळीवाल्यांनी हातात घेतली, खुर्च्या बदलल्या, आणि डिसेंबर २०२२ मध्ये ती पुन्हा सुरू झाली. जगायचं असेल तर कुणाच्या तरी साखळीत जावं लागतं, असा एकंदर कल आहे. स्वतंत्र राहिलेल्या फार थोड्या.

ज्या राहिल्या त्यांचं वितरकांशी भांडण आहे. मोठा पिक्चर असला की पहिल्या आठवड्यात टॉकीजला ठरलेलं भाडं मिळतं. गल्ला कितीही होवो, तिच्या हाती तेवढंच. गर्दी ओसरली की मग टक्केवारी, म्हणजे नुकसानीत वाटा. सरसकट टक्केवारीच द्या, नाहीतर १ जून २०२५ पासून कुलूप, असं दोन्ही तेलुगू राज्यांतल्या थिएटरवाल्यांनी जाहीर केलं होतं. पुढं वाटाघाटी झाल्या आणि कुलूप टळलं. त्याच्या आदल्या वर्षी मात्र ते खरंच लागलं होतं. मे २०२४ मध्ये निवडणूक, क्रिकेट आणि नव्या पिक्चरचा दुष्काळ एकदम आला आणि तेलंगणातल्या एकपडदा टॉकिजांनी दहाएक दिवस खेळ बंद ठेवले. विजेचं बिल परवडत नव्हतं, एवढंच साधं कारण.

बंद टॉकीज ही चालू टॉकीजपेक्षा जास्त कामाची असते, हे बाहेरच्यांना माहीत नसतं. चार दिवस माणसं नाहीत म्हटलं की उंदीर खुर्च्यांच्या फोममध्ये संसार मांडतात आणि स्पीकरच्या वायरी कुरतडतात. प्रोजेक्टरला धूळ चालत नाही, म्हणून कॅबिनचा एसी लावावा लागतो. जनरेटर अधूनमधून चालवला नाही तर ऐन शुक्रवारी दगा देतो. म्हणून खेळ नसतानाही इलेक्ट्रिशियन, वॉचमन, झाडूवाली यांना यावं लागतं. करोनात मार्च २०२० पासून कित्येक महिने हेच चाललं, अर्ध्या पगारावर नाहीतर बिनपगारी. सोडून गेलेले बरेच. टिकले ते बहुतेक पन्नाशीपुढचे, ज्यांना दुसरीकडं कुणी घेत नाही. टॉकीज आणि तिची माणसं यांनी एकमेकांना धरून ठेवलंय त्यात हा भाग मोठा आहे, आणि तो लपवून निष्ठेच्या गोष्टी सांगण्यात अर्थ नाही.

गिऱ्हाईकही बदललंय. गौळीगुड्याचा बसअड्डा, तो अजस्र पत्र्याचा हँगर, जुलै २०१८ मध्ये कोसळला; लांबच्या गाड्या तर १९९४ पासूनच नदीतल्या नव्या अड्ड्यावर गेल्या होत्या. उस्मानियाच्या जुन्या इमारतीत २०२० च्या पावसात पाणी शिरलं आणि वॉर्ड हलवावे लागले. ३१ जानेवारी २०२५ ला गोशामहलला नव्या दवाखान्याचा पाया घातला गेला. म्हणजे भावजी आता तिकडं उतरणार. उतरतील तेव्हा त्यांच्या हातात फोन असेल आणि वेळ घालवायला टॉकीजची गरज उरलेली नसेल. फक्त फोनवर पाय लांब करून झोपता येत नाही, आणि गोशामहलच्या फुटपाथवरही येत नाही. मल्टिप्लेक्सच्या मऊ खुर्चीत येतं, पण तिथं एका तिकिटात त्यांचं दोन दिवसांचं जेवण जातं.

म्हणून आठवड्याच्या मधल्या दुपारी मॅनेजरपुढं रोज तोच पेच असतो. खेळाची वेळ झालेली, खिडकीवर तिकिटं गेलीत सात. सातांवर एसीचंसुद्धा भागत नाही. कायद्यानं पैसे परत करून खेळ रद्द करता येतो, आणि पुष्कळ जण करतातही. तो बाहेर येऊन बघतो. दोघं पिशवीत रिपोर्टची मोठी पाकिटं घेतलेले, एक म्हातारा गाठोड्यासकट, तीन हमाल, आणि एक पोरगा जो बहुधा कॉलेज चुकवून आलाय. मॅनेजर घड्याळ बघतो, तोंडातलं पान थुंकतो, आणि डोअरकीपरला सांगतो की बाल्कनीला कुलूप घाल, सातही जणांना खाली एका ओळीत बसव, एसी नको, त्या ओळीवरचे चार पंखे लाव, आणि ऑपरेटरला म्हणावं सुरू कर.